गवताच्या बोलीवर

ज्या माळावर म्हाळूनं जन्मभर मेंढरं चारली, त्याच माळावर जहागीरदारानं चेंडू खेळायचं मैदान केलं, आणि त्याच मैदानात म्हाळूचा लेक सिदू नावारूपाला आला. पाटोद्याच्या वरच्या अंगाला, डोंगरमाथ्यावरच्या वस्त्यांत ही गोष्ट सांगणारा माणूस आधी बाजूला थुंकायचा आणि मगच तोंड उघडायचा.

हैदराबादेत थोरले निजाम वारले आणि त्यांचे चिरंजीव गादीवर बसले, त्या साली जहागीरदारानं आपल्या स्वारांसाठी ऑस्ट्रेलियाची उंच घोडी विकत घेतली. घोड्यांबरोबर त्यांना वळण लावणारा एक गोरा माणूस आला. रॉस त्याचं नाव. वाळक्या अंगाचा, लाल मानेचा. चालताना डावा पाय जरासा ओढायचा. छावण्याछावण्यांतून घोड्यांची निगा राखणाऱ्या मोतद्दारांच्या संगतीत राहून तो मोडकीतोडकी दखनी शिकला होता. त्याचं नाव धनगरांच्या जिभेवर बसेना, म्हणून त्यांनी त्याचा रासोबा करून टाकला.

रासोबाजवळ चामड्याचा एक चेंडू होता. गोल नव्हे, लांबोडका, दोन्ही टोकांना निमुळता, पपईच्या घाटाचा. त्याच्या मुलखात या चेंडूचा खेळ फार मोठा. चेंडू हातात घेऊन पळायचं, लाथेनं उडवायचा, आणि दुसऱ्यानं उडवलेला कुणी अधांतरी झेलला की बाकीच्यांनी मागं सरायचं. झेलणाऱ्याला बिनहरकत लाथ मारायला मिळायची. मैदानाच्या दोन्ही टोकांना चार-चार खांब. मधल्या दोन उंच खांबांतून चेंडू पार झाला की मोठी फत्ते. संध्याकाळी मोतद्दारांना गोळा करून रासोबा हा खेळ खेळायचा. जहागीरदारानं एकदा पाहिला आणि त्याला वेड लागलं. पोलो हैदराबादेतल्या प्रत्येक नवाबाकडं होता, क्रिकेटही आलं होतं; पण हा खेळ अख्ख्या रियासतीत कुणाजवळ नव्हता. जे कुणाजवळ नाही ते आपल्याजवळ असावं, ही त्याची जुनी खोड.

खेळाला लांबरुंद सपाटी पाहिजे. डोंगरावर तशी एकच होती, धनगरांचं गायरान. एका सकाळी स्वार आले, त्यांनी मेंढरं हुसकली आणि बाभळीच्या काट्या ओढून माळाला कुंपण घातलं. म्हाळू चार माणसं घेऊन जहागीरदाराच्या वाड्यावर, देवडीवर गेला. जहागीरदार भेटला नाही. कारभारी त्रिंबकराव पायरीवर आला आणि म्हणाला, जमीन सरकारांची, गवत सरकारांचं, त्यावर पडणारा पाऊसही सरकारांचा. आजवर चारलीत ती मेहेरबानी समजा. म्हाळूनं डोक्याचं पागोटं सोडलं, पुन्हा घट्ट बांधलं आणि एक शब्द न बोलता माघारी आला.

सिदू तेव्हा विशी-बाविशीतला. बापाचं गप्प बसणं त्याला सोसलं नाही. रोज तो कुंपणाबाहेरच्या खडकाळ उतारावर मेंढरं घेऊन उभा राहायचा आणि आतल्या हिरव्या गवतावर नाचणारे बूट बघून दात खायचा. एका दुपारी चेंडू कुंपणावरून बाहेर आला. सिदूनं काठी टाकली, दोन ढांगा घेतल्या आणि असा उडाला, की त्याचे पाय काट्यांच्याही वर दिसले. चेंडू वरच्या वर धरून तो खाली उतरला आणि छातीशी कवटाळून उभा राहिला. स्वारानं चेंडू मागितला.

"माजं गवात द्या," सिदू म्हणाला, "मंग चेंडू देतो."

स्वारानं हंटर उगारला. तेवढ्यात रासोबा पाय ओढत आला आणि त्यानं स्वाराचा हात धरला. सिदूचे पाय, खांदे, हात तो बघतच राहिला. "फिर से कूद," तो म्हणाला. सिदूच्या अंगाचा तिळपापड झाला. त्यानं चेंडू जमिनीवर सोडला आणि अनवाणी पायानं अशी लाथ घातली, की चेंडू माळ ओलांडून पलीकडच्या ओढ्यात गेला. रासोबा हसला नाही, रागावलाही नाही. खूप दिवसांनी घरचं माणूस दिसावं, तसा त्याचा चेहरा झाला.

दुसऱ्याच दिवशी देवडीवरून बोलावणं आलं. त्रिंबकरावानं बोली सांगितली. सिदूनं सरकारांकडून खेळायचं. महिन्याची जवारी, वर्षाचे कपडे. आणि सरकार खूश आहेत म्हणून आणखी एक गोष्ट: मैदानाच्या कडेचं गवत सिदूच्या मेंढरांना मोकळं. फक्त सिदूच्या.

उन्हाळा तोंडावर होता. मेंढ्या व्याल्या होत्या आणि दूध आटलं होतं. कोकरं उभ्या उभ्या कोसळत होती. सिदूनं मान डोलावली.

घरी म्हाळूनं ऐकून घेतलं. सिदूची बायको मनकर्णा भाकरी थापत होती, तिचा हात थांबला. तिचा भाऊ आश्रुबा शेजारच्याच वस्तीवर मेंढरं राखायचा. त्याच्या खांडातली, म्हणजे कळपातली, कोकरंही मरत होती.

"तुज्या मेंढरानला गवात आन आश्रुबाच्या मेंढरानला दगडं?" म्हाळू म्हणाला. "असलं गवात पोटात गेलं तर कुजंल, सिदू."

"मग मरू देऊ का समदी?"

सकाळी म्हाळूनं घोंगडं खांद्यावर टाकलं आणि आश्रुबाच्या खांडाबरोबर गोदावरीच्या काठाकडं निघून गेला. जाताना लेकाकडं वळून बघितलं नाही.

सिदू खेळायला लागला. रासोबानं त्याला मन लावून शिकवलं. पळता पळता चेंडू जमिनीवर आपटून परत हातात कसा घ्यायचा, गर्दीत दुसऱ्याच्या पाठीवर गुडघा टेकवून वर कसं चढायचं, नजर माणसावर नव्हे, चेंडूवर कशी ठेवायची. सिदूला ते शिकताना राग विसरायला व्हायचं, आणि राग विसरलो हे ध्यानात आलं की दुप्पट राग यायचा. पण हवेत उडाल्यावर, चेंडू बोटांना लागायच्या आधीच्या त्या घडीला, तो कुणाचाच नसायचा. बापाचा नाही, जहागीरदाराचा नाही. ती घडी त्याला दारूसारखी लागली.

दोन सालांत त्याचं नाव घाटाखाली गेलं. मोमिनाबादच्या छावणीत रासोबानं स्वारांना खेळ शिकवला होता, घाटाखालच्या एका जहागीरदारानंही आपली टोळी केली होती. बैलगाड्या जोडून लोक खेळ बघायला यायचे. कपिलधारच्या जत्रेत माणसं बोट दाखवायची, की तो बघा, पाखरू सिदू. जहागीरदार मेजवानीत त्याला पाहुण्यांपुढं उभा करायचा. पाहुणे बाजारात बैल बघावा तशा त्याच्या पोटऱ्या दाबून बघायचे आणि वाहवा करायचे. सिदू पानं खाऊन लाल झालेल्या त्या तोंडांकडं बघत उभा राहायचा. त्याची मेंढरं त्यांच्या गवतात होती.

वस्तीवर त्याच्याशी कुणी बोलेना. मनकर्णा पाण्याला गेली की बाया घागरी उचलून बाजूला व्हायच्या. कडेच्या गवतात मेंढरं न्यायची वेळ आली की ती जायची नाही. ते काम सिदूलाच करावं लागायचं.

मोमिनाबादला मोठा सामना होता. सिदूनं त्या दिवशी इतक्या झेपा घेतल्या, की छावणीच्या गोऱ्या अधिकाऱ्यांनी टोप्या उडवल्या. सामना संपल्यावर घामानं भिजलेल्या सिदूजवळ त्रिंबकराव आला आणि हलक्या आवाजात म्हणाला, की गोदावरीकाठी म्हाळूला ताप भरला होता, तो गेला. निरोप सकाळीच आला होता. खेळ होईपर्यंत सांगू नये, असं सरकारांनी फर्मावलं होतं.

सिदू तसाच निघाला. पोचला तेव्हा बापाची माती होऊन गेली होती. आश्रुबानं त्याला जागा दाखवली आणि पाठ फिरवली. सिदू तिथं बसून राहिला. त्याला रडू येत नव्हतं. त्याला त्रिंबकरावाचा गळा दिसत होता, जहागीरदाराची पानानं रंगलेली जीभ दिसत होती, आणि सगळ्यांच्या आधी स्वतःचं तोंड दिसत होतं. तरी तो परत गेला आणि खेळला. मेंढरांनी खायचं कुठं, हा प्रश्न बापाबरोबर मेला नव्हता.

पुढच्याच खेळात तो वरून आडवा पडला आणि डाव्या गुडघ्यात काहीतरी सुटलं. पाय भोपळ्यासारखा सुजला. रासोबानं घोड्याला लावायचं औषध चोळलं, फडक्याच्या पट्ट्यांनी गुडघा आवळून बांधला आणि सांगितलं, की कुणाला बोलायचं नाही, चालताना लंगडायचं नाही, बस्स, खेळत राहायचं. सिदूनं ऐकलं. झेप आता पहिल्यासारखी जात नव्हती, पण लोकांना अजून कळलं नव्हतं.

मग एके दिवशी सिदूला देवडीच्या चौकात बोलावलं. घाटाखालचा जहागीरदार आला होता. चौकात एक काळाभोर घोडा उभा होता, उन्हात चकाकणारा. बोलणं सिदूच्या कानावर आलं तेव्हा त्याला आधी उमगलंच नाही. घोडा आमच्या सरकारांना द्यायचा, आणि सिदू त्या जहागीरदाराला. बदल्यात. सिदूला कुणी विचारलं नव्हतं. घोड्यालाही कुणी विचारलं नव्हतं.

पाहुण्यांबरोबर घोडे फिरवणारा त्यांचा चाबूकस्वार आला होता. तो सिदूभोवती फिरला, खांदे चाचपले, मग खाली बसून त्यानं पट्ट्या सोडल्या आणि गुडघ्याच्या आतल्या अंगाला अंगठा रुतवला. सिदूच्या तोंडून ओरड निघाली.

"हुजूर, इसका पाँव गया है," चाबूकस्वार म्हणाला.

घाटाखालचा जहागीरदार मोठ्यानं हसला. माझ्या काळ्या घोड्याच्या बदल्यात लंगडं मेंढरू देता काय, असं त्यानं सगळ्यांसमोर विचारलं. चौकातले नोकरचाकर खाली माना घालून हसले. आपला जहागीरदार हसला नाही. त्याचा चेहरा पांढरा पडला. सिदूकडं न बघता तो त्रिंबकरावाला म्हणाला, "निकालो इसको. भेडा भी निकालो."

त्याच दुपारी स्वारांनी सिदूची मेंढरं काट्यांतून बाहेर हाकली. दोन कोकरं टापांखाली गेली.

सिदू तडक तबेल्यात गेला. रासोबा एका घोडीच्या खुरातला खडा काढत होता.

"तुला ठावं व्हतं," सिदू म्हणाला. आजवर तो त्याला साहेब म्हणत आला होता. "पाय गेला हे तुला पहिल्या दिशी ठावं व्हतं."

रासोबानं घोडीचा पाय खाली ठेवला. मग तो गवताच्या भाऱ्यावर बसला आणि त्यानं आपल्या विजारीचा डावा पाय वर सरकवला. गुडघ्याच्या जागी नुसता गोळा होता, वाकडा, जुन्या वणांनी भरलेला. मोडक्या दखनीत त्यानं सांगितलं, की मेलबर्न नावाच्या शहरात तो हाच खेळ पगार घेऊन खेळायचा. कागदावर पगार नव्हता, खेळ हौशी आहे असं सगळे म्हणायचे. पण लोक त्याचं दार ठोठावायचे, दुकानदार मटण फुकट द्यायचे, पोरी नाव विचारायच्या. गुडघा गेला तेव्हा त्यांनीही तो असाच बांधून खेळवला. मग एका शनिवारी मैदानाच्या दरवाजावरच्या माणसानं त्याला आत सोडलं नाही. म्हणून तो घोड्यांच्या जहाजावर चढला.

सिदू ऐकत होता तसतसा त्याचा राग कमी व्हायच्या ऐवजी चढत गेला. परका माणूस फसवतो, ते समजतं. पण ज्याला तीच सुरी लागली होती, त्यानं तीच सुरी धरावी?

"समदं भोगलंस, आन मला कावून शिकीवलंस बे?"

"तू कूदा," रासोबा म्हणाला. "मैं देखा. मेरे को फिर से देखना था."

सिदूनं हात उगारला होता, तो तसाच राहिला. मारून काय होणार होतं? खोटं बोलला असता तर मारलंही असतं. तो तबेल्यातून बाहेर पडला आणि दुखऱ्या पायानं थेट आश्रुबाच्या वस्तीवर गेला.

गोदावरीकाठाहून परतलेले धनगर मेंढरांच्या वाड्याजवळ बसले होते. सिदूला बघून कुणी जागा दिली नाही. तो उभ्यानंच बोलला. आपण सगळ्यांच्या तोंडचं गवत एकट्यानं खाल्लं, हे त्यानं कबूल केलं नाही आणि नाकारलंही नाही. तो एवढंच म्हणाला, की अमावास्येनंतरच्या शुक्रवारी मैदानात मोठा सामना आहे. बीडहून जिल्ह्याचे तालुकदार येणार, छावणीचे गोरे साहेब येणार, शामियाना लागणार. त्या दिवशी आपली सगळी मेंढरं माळात घालायची. कुणीतरी हसलं. कुणीतरी म्हणालं, गवत बंद झालं म्हणून याला आज आम्ही आठवलो. खरंच होतं ते. सिदूनं मान खाली घातली नाही.

मनकर्णा मागून आली होती. ती नवऱ्याच्या बाजूला उभी राहिली नाही. भावासमोर जाऊन बसली.

"ह्यांच्यासाठी येऊ नगंस," ती आश्रुबाला म्हणाली. "मामंजी गायरानाबाहीर मेले. त्यांच्यासाठी ये."

आश्रुबानं बहिणीकडं पाहिलं, मग सिदूच्या गुडघ्याकडं. "दाजी," तो म्हणाला, "सामना कवा चालू हुतो?"

शुक्रवारी दुपारी शामियाना भरला होता. मैदानात खेळ रंगात आला होता, चेंडू मध्यावर होता, आणि डोंगराच्या तीन बाजूंनी धुरळा उठला. आधी कुणाला कळलं नाही. मग मेंढरांचा आवाज आला. कुंपणाच्या काट्या मनकर्णानं हातांनी ओढल्या. तिच्या मनगटांवरून रक्त ओघळत होतं, पण तिनं वाट मोकळी केली आणि त्या वाटेनं खांडामागून खांड आत घुसलं. बघता बघता हिरवं मैदान पांढरं-काळं झालं. खेळणारे जागच्या जागी अडकले. मेंढरांना खेळाचं काय. ती खाली मान घालून चरायला लागली.

सिदू लंगडत उंच खांबांच्या मधोमध गेला आणि काठी रोवून उभा राहिला.

जहागीरदार उठला. घोडे घाला, असं तो ओरडला. स्वार पुढं सरसावले, पण रासोबा पहिल्या घोड्याच्या लगामाला लोंबकळला आणि त्यानं साफ सांगितलं, की एवढ्या गर्दीत घोडे घातले तर त्यांचे पाय मोडतील, आणि तो ते करू देणार नाही. मेंढरं वाचवायला म्हणाला की घोडे, देव जाणे. स्वार थांबले.

तेवढ्यात शामियान्यातल्या एका गोऱ्या अधिकाऱ्याला हसू फुटलं. तो पोट धरून हसायला लागला, मग त्याची मडम, मग आणखी दोघं. त्यांना तो तमाशाच वाटला. त्यांनी टाळ्या वाजवल्या. जहागीरदाराला त्या हसण्यानं भर उन्हात नागवं केलं. पण सिदूलाही ते हसू चाबकासारखं लागलं. त्याला वाटलं होतं, की आज हे लोक घाबरतील, निदान विचारतील, की या माणसांचं काय हिरावलं. कुणी विचारलं नाही. तालुकदारांनी चहा संपवला आणि गाडी जोडायला सांगितली.

पाहुण्यांची धूळ खाली बसायच्या आत मार सुरू झाला. सिदूला देवडीच्या चौकात बांधून हंटरानं फोडलं आणि कोठडीत टाकलं. मेंढरं कोंडवाड्यात गेली. चारा नाही, पाणी नाही. त्यातली कितीतरी एकमेकांची लोकर खाऊन मेली. आश्रुबाचं निम्मं खांड गेलं. रासोबाची नोकरी त्याच दिवशी सुटली. जायच्या आधी तो कोठडीच्या झरोक्याशी आला, काहीतरी बोलला, बराच वेळ उभा राहिला. सिदू भिंतीकडं तोंड करून पडला होता. तो वळला नाही, आणि पुढं कधी त्याला त्याचा पस्तावाही झाला नाही.

पण जहागीरदारानं त्या मैदानात पुन्हा पाय ठेवला नाही. ते हसू त्याच्या कानातून जाईना. त्यानं ससाणे पाळले, मग ससाण्यांचाही कंटाळा केला. कुंपणाच्या काट्या वाळून मोडल्या. पावसाळ्यानंतर एका म्हातारीनं भीत भीत दोन शेळ्या आत सोडल्या. कुणी हटकलं नाही. मग एकेक करून सगळे आले.

सिदू सुटून आला तेव्हा त्याचा पाय कायमचा वाकला होता. निम्मे लोक म्हणाले, यानं गायरान सोडवलं. निम्मे म्हणाले, यानं मेंढरं मारली. आश्रुबानं उरल्या खांडातल्या दोन मेंढ्या बहिणीच्या दारी आणून बांधल्या. सिदूला शिव्या चालल्या असत्या. त्या दोन मेंढ्या त्याला बघवेनात.

काही वर्षांनी हैदराबादच्या एका बड्या सरदाराचा माणूस वस्तीवर आला. जरीची टोपी, पायात मोजे. सरदारांनी जुन्या खेळाचं ऐकलं होतं, त्यांना तशी टोळी उभी करायची होती. शिकवायला सिदू पाहिजे. राहायला घर, दाराशी म्हैस, बसून खायचं. तो माणूस गोड बोलत होता. सिदू ऐकत होता आणि त्याच्या बोटांच्या पेरांना चामड्याचा स्पर्श झाल्यासारखं होत होतं.

"ज्येंचे पाय मोडतेल त्येंचं काय करनार?" सिदूनं विचारलं.

माणूस हसला. मुलखात पायांना काय तोटा, असं म्हणाला.

सिदूनं काठी उचलली. पहिला रट्टा टोपीवर बसला, दुसरा पाठीवर. माणूस पळत सुटला आणि लंगडा सिदू त्याच्या मागं, शिव्या देत, थेट वस्तीच्या शिवेपर्यंत. परत आला तेव्हा त्याला धाप लागली होती. मनकर्णानं पाण्याचा तांब्या पुढं केला.

"जायाचं व्हतं तुमाला?" तिनं विचारलं.

सिदूनं तांब्या घेतला नाही.

"लई जायाचं व्हतं," तो म्हणाला. "म्हनून तर मारला."